दुसऱ्या पुडीतली अळंबी

लातूर जिल्हा झाला त्याच्या पुढच्या उन्हाळ्यातली ही गोष्ट. उस्मानाबादेतून वेगळं निघून वर्षही झालं नव्हतं. कचेऱ्या गावभर विखुरल्या होत्या. एक खातं शाळेच्या दोन खोल्यांत, दुसरं कापड दुकानाच्या वरच्या माडीवर, तिसरं एका रिकाम्या गोदामात. बाहेरगावाहून आलेले कारकून एकटेच राहत होते, बायकापोरं मागे गावाकडे. त्यातल्या सहा जणांना तारामती दोन वेळचं जेवण घालायची.

तारामती चाळिशीची. माहेर हिमायतनगरच्या पुढं, जंगलाच्या कडेला. नवरा श्रीमंत पाण्याच्या टँकरवर ड्रायव्हर होता. त्या उन्हाळ्यात विहिरींनी तळ दाखवला होता, त्यामुळे टँकर गावोगाव फिरत होते आणि श्रीमंत तीन-तीन दिवस घरी येत नव्हता. गल्लीतल्या नळाला चार दिवसांआड पाणी यायचं, तेही तासभर. बाजारात भाजी म्हणून जे दिसायचं ते सुकलेलं वांगं आणि जून झालेल्या गवारी. महिनाभर तारामती डाळ, पिठलं, पुन्हा डाळ असंच करत होती. जेवणारे तक्रार करत नव्हते. मान खाली घालून जेवायचे आणि उठायचे, आणि तेच तिला जास्त लागायचं.

घरात एक चीज होती. संक्रांतीच्या सुमारास भाऊ सटवाजीने एका ओळखीच्या माणसाबरोबर वाळवलेल्या अळंबीच्या दोन पुड्या पाठवल्या होत्या. तिच्या माहेरी पावसाळ्यात वारुळांवर अळंबी उगवते. ती उन्हात कडकडीत वाळवून ठेवली की वर्षभर टिकते, आणि भिजवून रस्सा केला की घरभर वास सुटतो. दोन्ही पुड्या तिने डब्यात खाली दडवून ठेवल्या होत्या. सोमवारी पहाटे उठून तिने डबा काढला.

पहिली पुडी तिने चुलीजवळ बसून नीट निवडली. एकेक तुकडा हातात घेऊन उजेडाकडे धरायचा, टोपी बघायची, खालच्या पापड्या बघायच्या, देठ बघायचा. तिची आई लक्ष्मीबाई असंच करायची, आणि घाई असली तरी असंच करायची. पहिल्या पुडीतलं सगळं निवडून झालं. दुसरी पुडी सोडली, एवढ्यात गल्लीत कुणीतरी ओरडलं, "नळ आलाय."

नळ त्या दिवशी यायचा नव्हता. घरात पिण्याचा एक हंडा शिल्लक होता. तारामतीने दुसरी पुडी तशीच कोमट पाण्याच्या पातेल्यात उलटी केली, वर ताट झाकलं, दोन घागरी घेतल्या आणि धावली.

नळावर तासाच्या वर गेला. दोन बायकांची भांडणं झाली, मध्येच पाणी गेलं, परत आलं. ती चौथी खेप घेऊन परतली तेव्हा ऊन ओट्यावर आलं होतं. साडेनऊला ताटं वाढायची होती. तिने भिजलेली अळंबी दोन पाण्यांतून काढली, पिळली आणि सुरीने जाड जाड कापली. हात चालत होते, डोळे घड्याळावर होते.

कांदा निखाऱ्यावर भाजला. खोबऱ्याची वाटी आचेवर काळी होईस्तोवर धरली. तीळ, शेंगदाणे, दगडफूल, लसूण पाट्यावर वाटलं. करडीच्या तेलात वाटण घातलं तसा तडतडाट झाला. मग काळा मसाला, मग अळंबी. ती तेलात परतताना आधी पाणी सोडते आणि मग तेच पाणी परत पिऊन घेते, हे तिला ठाऊक होतं, म्हणून तिने तोवर घाई केली नाही. वर आधण ओतलं आणि रस्सा दाट व्हावा म्हणून मूठभर येसर, म्हणजे भाजलेल्या धान्याचं मसालेदार पीठ, पाण्यात कालवून लावलं. पातेलं रटरटायला लागलं. तिने भाकरी थापायला घेतल्या. तिचा स्वतःचा सोमवारचा उपास होता, शाबूदाण्यावर भागवायचं होतं, त्यामुळे रस्सा चाखून बघायचा प्रश्न नव्हता. मीठ अंदाजाने टाकलं.

सहाही जण वेळेवर आले. दारातच त्यांची नाकं वर झाली. टायपिस्ट हणमंतराव म्हणाला, "ताई, आज कुठला सण हाय?"

"सण न्हाई. बसा."

पाच जण लगेच बसले. सहावे गुरुपादप्पा उभेच राहिले. ते उदगीरकडचे, पन्नाशी ओलांडलेले अव्वल कारकून. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, गळ्यात लिंग, बोलणं मोजकं. ताटाजवळ येऊन त्यांनी वाकून पातेल्यात पाहिलं.

"बाई, हे काय हाय?"

"अळंबी हाय, आप्पा. माझ्या भावाकडची."

"वास तर वशाटाचा यायलाय."

बाकीचे हसले. तारामतीला हसू आलं नाही. तिने पळी खाली ठेवली. "तुमच्या पानात मी वशाट, मटण वाढीन का? रानात उगवती, मातीत. पाला खाता तशीच ती. माझ्यावर इस्वास न्हाई का?"

गुरुपादप्पांना संकोच वाटला असावा. ते बसले, गळ्यातल्या लिंगाला हात लावून कपाळाला लावला, आणि भाकरीचा एक लहान तुकडा रश्शात बुडवून तोंडात घातला. थोडा वेळ ते नुसतेच चावत राहिले. मग म्हणाले, "वाढा."

त्यांनी तीनदा रस्सा मागून घेतला. इतर कुणी इतका खाल्ला नाही. उठताना ते म्हणाले, "मी आज नांदेडला चाललोय, कचेरीचे कागद घेऊन. दोन दिवस बहिणीकडं ऱ्हातो. माझं ताट वाढू नका." मग जरा थांबून म्हणाले, "लई दिवसांनी पोट भरून जेवलो, बाई."

सगळे गेले. तारामती बऱ्याच दिवसांनी इतकी खूष होती. तिने ताटं गोळा केली, उरलेला वाटीभर रस्सा छोट्या डब्यात काढून ठेवला आणि चुलीपुढचे पुड्यांचे कागद उचलायला वाकली.

दुसऱ्या पुडीच्या कागदाच्या घडीत एक तुकडा अडकून राहिला होता. अर्धी टोपी आणि बोटभर देठ. तिने तो काढला, हातातल्या ओल्या फडक्यावर ठेवला, आणि सवयीने उजेडाकडे धरला.

देठाला वरच्या अंगाला एक कडं होतं, बांगडीसारखं. वारुळावरच्या अळंबीला तसं कडं नसतं. तिने टोपी उलटी केली. खालच्या पापड्यांना फडक्याचं पाणी लागलं होतं आणि त्या हिरवट दिसत होत्या. तिने डोळे पुसून परत पाहिलं. दारात जाऊन उन्हात पाहिलं. हिरवटच.

तिच्या लहानपणी माहेरच्या वस्तीवर एक पोर असंच गेलं होतं. शेजारच्या एका बाईने दिलेली अळंबी त्या घरात शिजली होती. दुपारी पोराला उलट्या सुरू झाल्या. त्या बाईला मनातून शंका आली होती, पण ती दार लावून बसून राहिली, ऊन लागलं असेल म्हणत. दिवस मावळल्यावर तिने तोंड उघडलं. लक्ष्मीबाई ही गोष्ट दर पावसाळ्यात सांगायची आणि सांगून झाल्यावर नेहमी एवढंच म्हणायची, "तिनं दुपारीच सांगितलं असतं तर."

तारामतीने तो तुकडा कागदात गुंडाळला. रश्शाचा डबा फडक्यात बांधला. पायात चपला घातल्या आणि दाराला कडी लावली. कुलूप लावायचं राहिलं हे तिला निम्म्या रस्त्यात आठवलं, पण ती परतली नाही.

सकाळचे साडेदहा झाले असतील. आधी ती कापड दुकानाच्या माडीवर गेली. तिथं तिचे दोन जेवणारे होते. जिना चढताना तिला धाप लागली. दोघं टेबलाशी बसून काम करत होते. धडधाकट दिसत होते. क्षणभर तिला वाटलं, काहीच नाही, आपण उगाच आलो. परत फिरावं.

"ताई, तुम्ही इथं?" एकाने विचारलं.

तिने कागद उघडून टेबलावर ठेवला. "सकाळच्या रश्शात ही बी गेली असंल. ही खायची न्हाई. ही इखारी असती. दवाखान्यात चला."

दोघं त्या तुकड्यावर वाकले. मग त्यातला तरुण उठला आणि एकदम भडकला. "आम्हाला मारायला बसलाव का? निवडता येत न्हाई तर घालता कशाला?"

"माझी चूक हाय. आधी चला," एवढंच ती म्हणाली.

तिथून ती शाळेच्या इमारतीकडे गेली. तिथे दोघं सापडले. एकाचं पोट दुखायला लागलं होतं आणि तो भिंतीला टेकून बसला होता, पण त्याने ते कुणाला सांगितलं नव्हतं. तिथून गोदामाकडे. डोक्यावर ऊन, पदर सारखा सुटत होता, घशाला कोरड पडली होती. रस्त्यात एक पाण्याचा टँकर गेला तेव्हा तिने चमकून ड्रायव्हरकडे पाहिलं. श्रीमंत नव्हता.

गोदामात हणमंतराव नळाच्या कठड्यावर वाकून उलटी करत होता. तिला बघून तो म्हणाला, "ताई, सकाळी लई खाल्लं वाटतं."

"तसं न्हाई हणमंतराव." तिने त्याला सगळं सांगितलं. तो भडकला नाही. दुसऱ्या एका कारकुनाला सांगून त्याने टांगा बोलावला.

पाचही जण दवाखान्यात पोचले तेव्हा बारा वाजून गेले होते. तिथल्या डॉक्टरने कागदातला तुकडा पाहिला, डब्याचं झाकण उघडून हुंगलं आणि सगळ्यांना मिठाचं पाणी पाजायला लावलं. हणमंतराव आणि पोट दुखणारा दोघे तिथेच झोपले. बाकीच्या तिघांना बसवून ठेवलं. तो तरुण कारकून तारामतीकडे पाठ करून बसला होता.

"किती जणांनी खाल्लं?" डॉक्टरने विचारलं.

"सहा."

"इथे पाच आहेत."

ते तिला ठाऊक होतं. सकाळपासून तिच्या डोक्यात तेच फिरत होतं. तीनदा रस्सा मागून घेणारे गुरुपादप्पा त्या वेळी नांदेडच्या एसटीत बसलेले होते. अहमदपूर मागे पडलं असेल, लोहा आलं असेल. मध्ये कुठे गाडी थांबवून ते रस्त्याच्या कडेला बसले असतील का, हे तिच्या मनात येऊन गेलं आणि तिने ते ढकलून दिलं.

"त्यांनी किती खाल्लं?"

"सगळ्यात जास्त."

डॉक्टरने एका चिठ्ठीवर काहीतरी लिहिलं आणि तिच्या हातात दिलं. "हे तिथल्या डॉक्टरला दाखवा. आणि तो तुकडा जपून न्या."

हणमंतरावने पडल्या पडल्या पत्ता सांगितला. "इतवाऱ्यात. त्यांच्या भावजींचं बियाण्याचं दुकान हाय. आप्पांनी एकदा सांगितलं होतं. कुणालाबी इचारा."

ती थेट बसस्टँडवर गेली. एक वाजताची गाडी लागली होती. खिडकीजवळ जागा मिळाली. गाडी सुटली आणि तिला बसवेना. ती सारखी पुढे सरकून बसायची, जणू त्याने गाडी लवकर पोचणार होती. बाहेर दोन्ही बाजूंना करडं रान, कोरड्या विहिरी, झाडाखाली उभी असलेली जनावरं. शेजारच्या बाईने विचारलं, "कुणी आजारी हाय का?" तारामतीने मान हलवली. हो की नाही, ते तिलाच कळलं नाही.

अहमदपूरला गाडी अर्धा तास थांबली. कंडक्टर चहा प्यायला गेला. तारामती उतरली आणि तिथल्या कॅन्टीनवाल्याला विचारलं, "सकाळच्या नांदेड गाडीत कुणाला तरास झाला होता का? म्हातारे गृहस्थ, कपाळाला विभूती."

"बाई, गाड्या शंभर येतेत." तो वळला, मग परत फिरून म्हणाला, "एकजण मागं उलटी करून आला होता. पाणी घेतलं. सोडा मागितला. विभूती होती की न्हाई, ध्यानात न्हाई."

त्यानंतरचे दोन तास तिने हातातला कागद इतका घट्ट धरला की तो घामाने ओला झाला. लोह्याला ती उतरली नाही. उतरून विचारायची भीती वाटली.

नांदेडला पोचली तेव्हा ऊन तिरपं झालं होतं. बसस्टँडवरून तिने रिक्षा केली. इतवाऱ्यात दोन ठिकाणी विचारून बियाण्याचं दुकान सापडलं. दुकानाला फळ्या लावलेल्या होत्या. बाजूच्या बोळातून घरात जायची वाट होती. तिने कडी वाजवली.

दार उघडलं ते गुरुपादप्पांच्या बहिणीने, मल्लम्माने. जाड अंगाची, थकलेली बाई. तिच्या हातात कांद्याच्या रसाची वाटी होती.

"मी लातूरहून आलेय. आप्पा इथं हायेत का?"

"हाय की. ऊन लागलंय त्याला. दुपारपासून उलट्या करून राहिलाय. वैद्याला दाखवलं. तुम्ही कोण?"

"मी त्यांना जेवायला घालते."

आत खाटेवर गुरुपादप्पा कुशीवर पडले होते. डोळे खोल गेलेले, ओठ कोरडे, विभूती घामाने पुसलेली. तिला बघताच त्यांनी हात हलवला, नको, जा, असा. मग हळू आवाजात म्हणाले, "बाई, इथं काही बोलू नका."

तारामतीला कळलं. ते खाटेवर पडल्या पडल्या उन्हाला दोष देत होते, पण त्यांच्या मनात दुसरंच होतं. मल्लम्मा पाणी आणायला आत गेली तशी तिने विचारलं, "आप्पा, तुम्ही ह्यांना काय खाल्लं ते सांगितलं का न्हाई?"

"काय सांगू? वशाट खाल्लं म्हणून सांगू? शिवाची शिक्षा हाय ही. वास आला होता मला. तरी खाल्लं. तीनदा खाल्लं." त्यांचा श्वास लागला. "हे देवधर्माचे लोक हायेत. भावजी रोज पूजा केल्याबिगर पाणी पीत न्हाईत."

"ते वशाट न्हवतं."

"तुम्ही मला समजवायला येवढ्या लांब आलाव का?"

"ते वशाट न्हवतं, आप्पा. ती कुत्र्याची छत्री होती. चुकून मिसळली. माझ्या हातानं. लातुरात पाचही जण दवाखान्यात हायेत."

गुरुपादप्पा कोपरावर टेकून उठू लागले. मल्लम्मा पाणी घेऊन दारात उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं.

"अणबे?" ती म्हणाली. छत्रीला त्यांच्या कानडीत तेच नाव. "तू अणबे खाल्लास आणि मला ऊन लागलं म्हणतोस?" तिने पाण्याचा तांब्या खाली ठेवला. हातातला कांद्याचा रस मोरीत ओतून दिला. मग परसदारी तोंड करून नवऱ्याला हाक मारली, "गाडी बघा. मोठ्या दवाखान्यात न्यायचंय. वैद्याला काय कळतंय."

मल्लम्माचा नवरा आला. तो तारामतीशी एक शब्दही बोलला नाही. रिक्षात गुरुपादप्पांना मध्ये बसवून ते दोघं बाजूंनी बसले. तारामती दुसऱ्या रिक्षाने मागून गेली. दवाखान्यात डॉक्टरने लातूरची चिठ्ठी वाचली, तुकडा बघितला आणि लगेच सलाईन लावायला सांगितलं. "उलटी थांबायच्या गोळ्या दिल्या होत्या का कुणी?" त्याने विचारलं. वैद्याने दिल्या होत्या. डॉक्टरने मान हलवली. "बरं झालं कळलं ते. शरीरातलं पाणी पार गेलंय."

तारामती बाहेरच्या ओट्यावर बसली, उठली, परत बसली. तिच्या पोटात सकाळपासून चहाशिवाय काही नव्हतं. अंधार पडताना मल्लम्मा बाहेर आली आणि तिच्याजवळ एक केळं ठेवलं. "लघवी झाली त्याला," ती म्हणाली. "डॉक्टर म्हनला, जीव वाचला. घाबरायचं काम न्हाई." मग ती जायला वळली, तशी थांबून म्हणाली, "तुम्ही आला नसता तर आम्ही उन्हाचंच औषध करत बसलो असतो. पण तुम्हीच घातलं होतं. दोन्ही खरं हाय."

तारामतीने केळं हातात धरलं.

सकाळी गुरुपादप्पा उठून बसले होते. त्यांना बघून तिला रडू आलं, पण त्याच वेळी एक नवीन काळजी लागली. पुडी सटवाजीच्या घरून आलेली. तिथे तसलीच आणखी असली तर? तिथे चार माणसं खाणारी. लातूरला परतण्याऐवजी ती स्टेशनवर गेली आणि हिमायतनगरकडे जाणाऱ्या गाडीत बसली. गाडी मुदखेडला थांबली, भोकरला थांबली. प्रत्येक थांब्यावर ती दारात जाऊन उभी राहायची. भावजय केवळाबाईला काय काय बोलायचं ते ती मनात लावत होती. डोळे नव्हते का, आईने शिकवलं नव्हतं का, माणसं मेली असती म्हणजे.

वस्तीवर पोचली तेव्हा केवळाबाई अंगणात एकटीच शेंगांच्या टरफलांतून दाणे निवडत बसली होती. सटवाजी रोजगार हमीच्या कामावर गेला होता. नणंदेला अशी अवेळी आलेली बघून ती घाबरून उठली.

"वन्सं, समदं बरं हाय ना?"

"ती अळंबी. दुसऱ्या पुडीतली. कुठली होती?"

केवळाबाईने पदराला हात पुसले. मग म्हणाली, "काय झालं?"

"कुठली होती ते सांग."

"उकिरड्यावरची. गेल्या साली पाऊस कुठं पडला? दोनच झड्या. वारुळं कोरडीच. जंगलात हिंडून हिंडून एकच पुडी भरली." ती खाली बघत होती. "तुम्ही वर्षाची वाट बघता. एक पुडी पाठवायची म्हंजे कसं वाटंल. मग त्या झडीनंतर उकिरड्यावर पांढऱ्या आल्या होत्या. मोठ्या मोठ्या, सारख्याच दिसल्या. त्या वाळवल्या."

"तुम्ही खाल्ल्या का त्यातल्या?"

"आम्ही कशाच्या खातो. समद्या तुम्हालाच पाठवल्या. घरात एक तुकडा ठेवला न्हाई."

तारामतीने वाटेत जमवलेले शब्द तिथेच राहिले. ती अंगणात बसली. खापराच्या तव्यावर तिला दोन भाकरी थापलेल्या दिसल्या, त्या पिवळ्या पिवळ्या, रेशनच्या धान्याच्या. बाजूला मिठाचा खडा आणि एक कांदा. तिने त्या सकाळचं सगळं सांगितलं, हळू, एकेक. केवळाबाई ऐकता ऐकता खाली बसली आणि तोंडावर पदर घेतला.

"तुला ठाऊक न्हवतं," तारामती म्हणाली. "मला ठाऊक होतं. मी बघितली असती तर कळलं असतं. मी न बघता टाकली."

केवळाबाईने पदर खाली केला. मग तिने विचारलं, "मेलं कुणी?"

"न्हाई."

"मग जेवा आता."

तिसऱ्या दिवशी तारामती लातूरला पोचली. घराला कुलूप होतं. गल्लीतल्या पार्वतम्माने कुलूप आणून लावलं होतं आणि किल्ली स्वतःजवळ ठेवली होती. श्रीमंत येऊन गेला होता, सगळं ऐकून परत टँकरवर गेला होता. जेवणाऱ्यांपैकी दोघांनी दुसरी सोय बघितली होती. तो तरुण त्यातला एक. हणमंतराव आणि उरलेला एक परत आले, आणि तिसरा खानावळीतून डबा मागवायला लागला, पण दहा दिवसांनी त्याला तो परवडेना आणि तोही आला. जाताना-येताना कुणी काही बोललं नाही. बोललं असतं तर तिला सोपं गेलं असतं.

तिला घरात बसवेनासं झालं होतं. सकाळी सगळे जेवून गेले की ती दारात उभी राहायची. अकरा वाजले, बारा वाजले, रस्त्यावर कुणी घाईने येताना दिसला की ती दोन पावलं पुढे यायची. एकदा तिने माडीच्या खाली उभं राहून वर बघितलं, दोघं खिडकीत दिसतात का ते बघायला. ते दिसले आणि ती घरी आली. दुसऱ्या दिवशी परत गेली.

गुरुपादप्पा पंधरा दिवसांनी आले. बारीक झाले होते. कपाळावर विभूती ताजी होती. ती दारातून बाजूला झाली.

"मी कचेरीत सांगितलं," ते म्हणाले. "वशाट खाल्लं म्हणून काहीजण बोलत होते. मी म्हटलं, न्हाई. अळंबी होती. आणि बाईनं दुपारीच धावत येऊन सांगितलं." ते चपला काढत होते. "मला त्या खाटेवर पडून वाटत होतं, देवानं धरलंय. कुणाला सांगायची सोय नव्हती. तुम्ही आलाव तवा वाटलं, देव न्हाई, नुसती चूक हाय. चुकीवर औषध असतंय."

"जेवणार का?" तिने विचारलं.

"म्हणून तर आलो."

ते बसले. तिने ताट ठेवलं. वरण होतं, लसणाची चटणी होती, दोन भाकरी होत्या. वाढायच्या आधी तिने वरणाचं पातेलं त्यांच्यापुढे आणलं, झाकण काढलं आणि पळीने खालपासून ढवळून दाखवलं. त्यांनी वाकून बघितलं. तो पहिलाच दिवस होता की तिने असं केलं, आणि पुढे ती सगळ्यांपुढे असंच करू लागली, कुणी मागितलं नाही तरी.

"बसा की, बाई," गुरुपादप्पा म्हणाले.

ती बसली नाही. ते लिंगाला हात लावून जेवायला लागले, सावकाश, थोडं थोडं. पहिली भाकर संपेपर्यंत ती चौकटीला धरून उभी होती. दुसरी भाकर निम्मी झाली तेव्हा ती उंबऱ्यावर टेकली. बाहेर रस्त्यावर एक टँकर थांबला होता आणि बायका घागरी घेऊन धावत होत्या. तिलाही जायला हवं होतं. ती उठली नाही.